हिरवी जीभ आणि सातवं अक्षर

आमच्या धंद्यात एक वाक्य रोज कानावर पडतं: कागदावर नाही, म्हणजे झालंच नाही. मी मेडिकल कोडर आहे. ऐरोलीतल्या एका इमारतीच्या सहाव्या मजल्यावर बसून अमेरिकेतल्या पेशंटांचे चार्ट वाचायचे आणि डॉक्टरनं लिहिलेल्या प्रत्येक निदानाला त्याचा कोड लावायचा, हे माझं काम. त्याआधी अकरा वर्षं मुंबईतल्या एका धर्मादाय रुग्णालयाच्या एमआरडीत, म्हणजे जुन्या केस पेपरांच्या गोदामात काढली. तिथे धूळ होती, इथे एसी आहे. काम तेच: दुखण्याला त्याचं खातं शोधून द्यायचं.

मागच्या पावसाळ्यात आमच्याकडे नव्यानं लागलेली एक बी.फार्म. झालेली मुलगी चार्ट घेऊन माझ्या टेबलाशी आली. "ताई, ऑडिटमध्ये एरर दिलाय, पण माझं चुकलं कुठे तेच कळत नाहीये."

चार्ट तसा साधा होता. एका बाईंनी कोलोनोस्कोपीच्या आदल्या दिवशी पोट साफ व्हावं म्हणून सोडियम फॉस्फेट घेतलं होतं, डॉक्टरनं सांगितलं तेवढंच. पोट साफ झालं, तपासणी झाली, पण फॉस्फेटचे बारीक खडे मूत्रपिंडात जाऊन बसले. आता बऱ्याच वर्षांनी त्या किडनीच्या जुनाट दुखण्यासाठी येत होत्या. (अमेरिकेच्या औषध प्रशासनानं २००८ मध्ये अशा औषधांवर याच धोक्याचा चौकटीतला इशारा छापायला लावला.) मुलीनं टी ४७.३ बरोबर शोधलं होतं. क्षारांच्या रेचकांचं घर तेच. पण सहाव्या जागी तिनं १ टाकला होता, म्हणजे चुकून झालेली विषबाधा, आणि सातव्या जागी ए, म्हणजे उपचार चालू असलेली ताजी घटना.

"औषध चुकीचं घेतलं का त्यांनी?"

"नाही, प्रिस्क्रिप्शनप्रमाणेच."

"मग १ कसा? ५ हवा. आणि आज डॉक्टर काय करतायत, औषध उतरवतायत?"

"नाही ताई. किडनी बघतायत."

"मग किडनी आधी लिही. आणि याच्या शेवटी एस."

एस म्हणजे सिक्वेला. मूळ घटना सरली, पण तिनं मागे ठेवलेलं सरलं नाही, असा त्याचा अर्थ. हे अक्षर लावायची वेळ आमच्यावर क्वचित येते. भाजल्याचे व्रण राहिल्याचे चार्ट येतात. पोटाच्या औषधाचे वर्षातून एखाददुसरे. मुलगी म्हणाली, "पोटाच्या गोळीनं एवढं काय मागे राहणार?" मी तिला विचारलं, "एन्टेरो-व्हायोफॉर्म ऐकलंय?" तिनं ते नावही ऐकलेलं नव्हतं. तिच्या वयाच्या कुणी ऐकलं असेल असं मला वाटतही नाही.

माझ्या लहानपणी ते नाव आमच्या घरात मिठासारखं होतं. अण्णा, म्हणजे माझे वडील, प्रवासाला निघताना बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा बरोबर घेत. त्यात अमृतांजनची बाटली, चिंधीत गुंडाळलेली सुंठ, डोकेदुखीच्या गोळ्या आणि एन्टेरो-व्हायोफॉर्म. गल्लीतल्या कंपाउंडरनं त्यांना हिशेब सांगून ठेवला होता: बिघडलं की दोन, बिघडू नये म्हणून एक. पंढरपूरला जायचं तर एक. लग्नाच्या पंगतीला जायचं तर एक. बाहेरगावचं पाणी प्यायचं तर एक. अण्णांनी ती गोळी किती वर्षं आणि किती घेतली याचा कुठेही हिशेब नाही, आणि हा मुद्दा मी पुढे परत काढणार आहे.

या गोळीतलं औषध क्लायोक्विनॉल. आयोडीन आणि क्लोरीन दोन्ही अंगावर वागवणारा हा पदार्थ विसाव्या शतकाच्या सुरुवातीला बाझेलमध्ये जखमेवर टाकायची पूड म्हणून आला. १९३४ पासून सीबा कंपनी तो पोटात घ्यायच्या गोळीच्या रूपात विकू लागली. मूळ उपयोग अमीबाच्या आवेवर. पण जुलाब म्हटलं की आव आणि आव म्हटलं की ही गोळी, असं समीकरण बसलं आणि जगभर ती घरगुती झाली. औषध पोटातच राहतं, रक्तात फारसं जात नाही, असा समज होता. समज चुकीचा होता. अर्जेंटिनातल्या डॉक्टरांनी १९३५ मध्येच, म्हणजे गोळी बाजारात आल्याच्या दुसऱ्याच वर्षी, मज्जातंतूंच्या तक्रारींची नोंद केली होती. पुढे स्वित्झर्लंडमध्ये जुलाबावर ही गोळी दिलेल्या कुत्र्यांना झटके येतात असं एका पशुवैद्याच्या लक्षात आलं, तेव्हा कंपनीनं जनावरांना ती देऊ नये असा इशारा पशुवैद्यांना पाठवला. माणसांच्या पाकिटावर मात्र तसं काही आलं नाही.

मागे उरलेलं सगळ्यात जास्त जपानमध्ये दिसलं. १९५५ च्या आसपासपासून तिथल्या डॉक्टरांना एक चमत्कारिक दुखणं भेटू लागलं. आधी पोटदुखी आणि जुलाब. मग पावलांना मुंग्या, तळव्याला काहीतरी चिकटून बसल्यासारखं. ती बधिरता पायांवरून वर चढत कंबरेपर्यंत जायची. पाय लुळे पडायचे, आणि काहींची नजर जायची, कुणाची अर्धी, कुणाची पूर्ण. बायकांत जास्त, मध्यम वयाच्या आणि त्याहून मोठ्या. १९६४ मध्ये तोक्योजवळच्या तोदा गावात, ऑलिंपिकच्या होड्यांच्या शर्यती जिथे व्हायच्या होत्या तिथेच, रुग्णांचा घोळका आढळला आणि लोक त्याला 'तोदा रोग' म्हणू लागले. डॉक्टरांनी नाव दिलं सबॲक्यूट मायलो-ऑप्टिको-न्यूरोपॅथी. मज्जारज्जू, डोळे आणि नसा, तिन्ही एका नावात. एवढं लांब नाव कोण घेणार? जगानं त्याचं स्मॉन केलं.

दुखणं घोळक्यानं येत होतं. एकाच गावात, एकाच दवाखान्याच्या पेशंटांत, कधी एकाच घरात. मग संसर्ग असणार, दुसरं काय? विषाणूचा शोध सुरू झाला. १९७० च्या सुरुवातीला क्योतो विद्यापीठातल्या एका संशोधकानं विषाणू सापडल्याचं सांगितलं आणि ते वर्तमानपत्रांत छापून आलं. पुढचं कुणी सांगायला नको. शेजाऱ्यांनी दारं लावून घेतली, नातेवाइकांनी येणं सोडलं, काही रुग्णांनी जीव दिला. घोळक्याचं खरं कारण मात्र अगदी साधं होतं: एका डॉक्टरचे पेशंट म्हणजे एकाच हातचं प्रिस्क्रिप्शन. त्यात भर अशी की स्मॉनची सुरुवातच पोटदुखीनं होई, म्हणून पोटासाठी डॉक्टर तीच गोळी वाढवून देत. रोगाला त्याच्याच कारणाचा खुराक चालू होता.

आता हिरव्या रंगाचं. स्मॉनच्या रुग्णांच्या जिभेवर हिरवट थर दिसायचा. शौच हिरवं व्हायचं. डॉक्टरांनी ते पाहिलं होतं, केस पेपरवर लिहिलंही होतं, पण त्याचं काय करायचं हे कुणाला सुचत नव्हतं. मी एमआरडीत काम केलंय, म्हणून मला हे डोळ्यांसमोर दिसतं: नर्सच्या चार्टवर तापाच्या आलेखाखाली बारीक अक्षरात 'जीभ हिरवी', आणि पुढच्या पानावर त्याचा उल्लेख नाही. १९७० च्या उन्हाळ्यात काही रुग्णांची लघवी हिरवी झाली, आणि लघवी प्रयोगशाळेत नेता येते. तोक्यो विद्यापीठाच्या औषधशास्त्र विभागातले झेन्झो तामुरा आणि त्यांचे सहकारी योशिओका यांनी त्यातला हिरवा रंग वेगळा काढला. तो होता क्लायोक्विनॉल आणि लोह यांचा संयोग. गोळी पोटातच राहते म्हणणाऱ्यांना ती लघवीत दिसली.

निइगाता विद्यापीठातले मज्जाविकारतज्ज्ञ तादाओ त्सुबाकी यांनी हे ऐकलं आणि केस पेपर काढायला सांगितले. त्सुबाकी कारखान्यांचं पाणी ओळखून होते. १९६५ मध्ये आगानो नदीकाठच्या लोकांतला पाऱ्याचा आजार उजेडात आणणाऱ्यांत ते होते. त्यांनी सात रुग्णालयांतले स्मॉनचे १७१ रुग्ण तपासले. त्यातल्या १६६ जणांनी पायाला मुंग्या येण्याआधी क्लायोक्विनॉल घेतलेलं होतं. ऑगस्टमध्ये त्यांनी हे जाहीर केलं, आणि सप्टेंबर १९७० मध्ये जपान सरकारनं विक्री थांबवली. साथ ओसरली. विषाणूनं एखाद्या सरकारी परिपत्रकाला इतक्या तत्परतेनं मान दिल्याचं उदाहरण दुसरं नाही. तोवर रुग्णांचा आकडा १० हजारांच्या वर गेला होता.

मला या गोष्टीत प्रयोगशाळेपेक्षा ते १७१ केस पेपर जास्त महत्त्वाचे वाटतात. हा माझ्या पेशाचा पक्षपात समजा. पण पोटाच्या गोळीचं नाव कुणीतरी त्या कागदांवर लिहून ठेवलं नसतं, तर त्सुबाकींनी काय मोजलं असतं?

मोजण्याचा इतिहास इथेच मध्ये आणायला हवा, कारण स्मॉनच्या रुग्णांना इतकी वर्षं कुठल्याच यादीत जागा का नव्हती हे त्याशिवाय कळत नाही. पॅरिस शहराच्या आकडेवारी खात्याचा प्रमुख झाक बर्तियाँ यानं १८९३ मध्ये शिकागोच्या बैठकीत आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेपुढे एक यादी मांडली. तिच्या सगळ्यात मोठ्या आवृत्तीत १६१ खाती होती. आज आम्ही कोडसाठी वापरतो त्या आयसीडीची, म्हणजे आजारांच्या आंतरराष्ट्रीय यादीची, ती आजी. (गुन्हेगारांच्या अंगाची मापं घेऊन त्यांची ओळख पटवणारा अल्फाँस बर्तियाँ हा त्याचा भाऊ. एक जिवंतांना मोजी, दुसरा मेलेल्यांना.) झाकची यादी मृत्यूच्या कारणांची होती. मेलात तर खातं मिळेल. लंगडत जगलात तर नाही. हा नियम अर्धं शतक चालला. १९४८ मध्ये नव्यानं स्थापन झालेल्या जागतिक आरोग्य संघटनेनं सहावी आवृत्ती काढली तेव्हा जिवंत माणसांच्या आजारांना पहिल्यांदा घर मिळालं.

स्मॉननं फारशी माणसं मारली नाहीत. त्यानं माणसं खुर्चीत बसवून ठेवली. अशा दुखण्याला लागतं 'मागे उरलेलं' या नावाचं खातं. मी एमआरडीत लागले तेव्हा आमच्याकडे नववी आवृत्ती होती, १९७५ साली ठरलेली, लाल शाईच्या खुणांनी भरलेली. तिच्यात ९०५ ते ९०९ हे घर जुन्या जखमा आणि विषबाधांच्या उशिरा दिसणाऱ्या परिणामांचं. ९०९.० म्हणजे औषधाच्या विषबाधेचा उशिराचा परिणाम. कुठलं औषध? ते लिहायला जागा नव्हती. झोपेची गोळी, लोहाची गोळी, जुलाबाची गोळी, सगळ्यांना मिळून ९०९.०. दहाव्या आवृत्तीत त्याचं टी ९६ झालं, पण स्वभाव तोच राहिला. घटना ताजी असते तेव्हा औषधाला स्वतःचा आकडा, टी ४७ मध्ये पोटाच्या औषधांची दहा वेगळी घरं. आणि वर्ष उलटलं की सगळी एकाच चाळीत. माणूस जन्मभर ज्याच्यामुळे काठी घेऊन चालतो, त्या औषधाचं नावच त्याच्या आकड्यातून गळून पडतं.

अमेरिकेनं स्वतःच्या गरजेनुसार दहावी आवृत्ती फुगवली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केली. १४ हजारांच्या आसपास असलेले आकडे ६८ हजारांच्या पुढे गेले. त्या सप्टेंबरात आमच्या ऑफिसात किती चहा प्यायला गेला ते मला माहीत आहे. लोक हसतही होते, कारण त्या पुस्तकात बदकानं मारल्याचाही आकडा आहे. पण त्याच पुस्तकात औषधाच्या आकड्याला शेवटी एस लावायची सोय झाली, आणि औषधाचं नाव पहिल्यांदा मागे उरलेल्याबरोबर कायमचं बांधलं गेलं. टी ४७.३, मग रिकाम्या जागेचा एक्स, मग ५, मग एस: अमुक जातीचं औषध, नीट घेतलेलं, आणि हे त्याचं मागे उरलेलं. सात जागांत अख्खी कैफियत. बदकाबद्दल हसून झालं असेल तर हेही लक्षात घ्या, एवढंच माझं म्हणणं. आपल्याकडच्या रुग्णालयांत मात्र जागतिक संघटनेचीच दहावी आवृत्ती चालते, म्हणजे टी ९६ ची चाळ.

सहाव्या जागेवरच्या १ आणि ५ मधला फरक नव्या मुलांना किरकोळ वाटतो. १ म्हणजे चूक: जास्त घेतलं, दुसऱ्याचं घेतलं, बाटली बदलली. ५ म्हणजे सांगितलं तसंच घेतलं आणि तरीही बाधलं. स्मॉनच्या रुग्णांनी नेमका हाच फरक घेऊन न्यायालय गाठलं. आम्ही काही चुकीचं केलं नाही, डॉक्टरनं दिलं तेच घेतलं. सीबा-गायगीची (सीबाचंच पुढचं नाव) जपानी शाखा, ताकेदा, तानाबे या कंपन्या आणि सरकार प्रतिवादी होते. कारण सिद्ध झालेलं नाही, विषाणू असेल, असं सांगितलं जात होतं. तोक्यो जिल्हा न्यायालयानं ३ ऑगस्ट १९७८ रोजी क्लायोक्विनॉललाच कारण धरलं आणि रुग्णांच्या बाजूनं निकाल दिला. पुढच्या वर्षी जपाननं औषधाच्या दुष्परिणामानं अपंग झालेल्यांना मदत देणारा कायदा केला. म्हणजे ५ या आकड्याला तिथे पैसेही मिळू लागले.

ओले हान्सन हे स्वीडनमधले बालमज्जाविकारतज्ज्ञ या खटल्यात साक्षीला गेले होते. त्यांनी आणि बेर्गग्रेन यांनी १९६६ मध्येच, म्हणजे हिरव्या लघवीच्या चार वर्षं आधी, 'लॅन्सेट'मध्ये लिहिलं होतं की त्वचेच्या एका दुर्मिळ आजारासाठी क्लायोक्विनॉल घेणाऱ्या मुलाची दृष्टी गेली. कुणी मनावर घेतलं नाही. पुढे त्यांनी सीबा-गायगीच्या सगळ्याच औषधांवर बहिष्काराची हाक दिली आणि डॉक्टरांनी ती ऐकली. कंपनीनं हे औषध जगभरातून मागे घ्यायला १९८५ उजाडलं. हान्सन त्याच वर्षी गेले.

जपाननं बंदी घातली १९७० मध्ये, आणि त्यानंतर पंधरा वर्षं उरलेल्या जगात ही गोळी कुठे ना कुठे मिळत राहिली. आमच्या डब्यातही.

मग आपल्याकडे स्मॉन का नाही? हा प्रश्न मुंबईतच एका माणसानं नीट विचारला. जे. जे. रुग्णालयात मज्जाविकार विभाग उभा करणारे डॉ. नोशीर वाडिया यांनी १९७७ मध्ये मुंबईतल्या स्मॉनवरची आपली निरीक्षणं प्रसिद्ध केली, आणि १९८४ मध्ये पुन्हा त्यावर लिहिलं. गोळी इथे चण्या-फुटाण्यांसारखी खपत होती, तरी जपानसारखी साथ इथे आली नाही. जपानात मात्रा मोठी होती आणि ती महिनोनमहिने चाले. आपल्याकडे बहुतेक लोक दोन दिवस घेऊन सोडून देत. एवढा फरक सरळ दिसतो. पण मला एमआरडीतली अकरा वर्षंही आठवतात. पायाला मुंग्या येणाऱ्या माणसाच्या केस पेपरवर पूर्वी घेतलेल्या औषधांचा रकाना असतो, आणि त्यात हमखास एक आडवी रेघ असते. पोटाची गोळी ही औषधात कोण धरतं? पेशंट सांगत नाही, डॉक्टर विचारत नाही.

अण्णांच्या तळपायांना शेवटची सहा-सात वर्षं मुंग्या येत. चपला पायातून निसटल्या तरी त्यांना कळत नसे. त्यांना मधुमेह होता, त्यामुळे ते सगळं मधुमेहाच्या खात्यात गेलं, आणि बहुधा ते बरोबरच आहे. मी त्याला डब्याशी जोडत नाही. जोडायला कागद नाही.

त्या मुलीला हे सगळं सांगेपर्यंत शिफ्ट संपत आली होती. ती पुस्तक उघडून क्लायोक्विनॉल शोधू लागली, अर्थात टी ४७ मध्ये, जुलाब थांबवणाऱ्या औषधांत. तिथे ते नाही. औषधांच्या तक्त्यात पाहिलं तेव्हा सापडलं: टी ३७.८, जंतुनाशकांत, हायड्रॉक्सिक्विनोलीनच्या घरात. लोकांनी ती गोळी पोटासाठी घेतली, पण पुस्तक ती कशासाठी घेतली ते विचारत नाही, ती काय आहे ते विचारतं. मुलीनं वहीत लिहून घेतलं. तिनं विचारलं, "हे औषध आता कुठेच नाही ना?" मी म्हटलं, बेटनोव्हेट-सी माहीत आहे ना, खाजेचं मलम? त्यातला सी हा क्लायोक्विनॉलचा. कातडीवर लावायचं, पोटात घ्यायचं नाही.

वाचणाऱ्यांकडे माझं एक मागणं आहे. घरातल्या म्हाताऱ्या माणसांना घेऊन दवाखान्यात जाल तेव्हा रोजच्या बीपी-शुगरच्या गोळ्यांबरोबर पोटाच्या गोळ्यांची नावंही सांगा: ॲसिडिटीची, जुलाबाची, पोट साफ होण्याची, किती वर्षं घेतायत तेही. आणि डॉक्टरांनी ते केस पेपरवर लिहिलं का, हे उठायच्या आधी बघा.